जोडप्यांच्या सहलीत सासूबाई

लग्नानंतरच्या दुसऱ्या हिवाळ्यात नवऱ्यानं माझ्यासाठी मधुचंद्राची सहल ठरवली आणि त्या सहलीला मी सासूबाईंबरोबर जाऊन आले. हे वाक्य मी आजवर पुष्कळांना सांगितलंय. प्रत्येक जण मला ते परत म्हणायला लावतो. म्हणून आता एकदाचं नीट लिहूनच काढते.

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावरची गोष्ट. आम्ही मिशिगनमधल्या ट्रॉयला राहत होतो. नवरा एका मोटार कंपनीत इंजिनिअर, मी एका दाताच्या डॉक्टरकडे रिसेप्शनवर. तो नागपूरचा, मी पुण्याची. लग्न त्याच्या रजेच्या मापानं उरकलं होतं, त्यामुळे मधुचंद्र ‘पुढे बघू’ या खात्यात गेला आणि तिथेच राहिला. मग त्याच्या ऑफिसातल्या कुणीतरी त्याला सांगितलं की फेब्रुवारीत खास जोडप्यांसाठी एक बस-सहल निघते. मिशिगनच्या पार उत्तरेला, मोठ्या पुलापलीकडे, गोठलेले धबधबे, बर्फाचे कडे आणि लेक सुपिरियर, सगळं गाईडबरोबर फिरवून आणतात. नवऱ्यानं मला न विचारता बुकिंग केलं. त्याच्या स्वभावात एवढं धाडस पहिल्यांदाच दिसलं होतं, त्यामुळे थंडीत आणखी उत्तरेला कशाला जायचं, हा प्रश्न मी गिळला.

सासूबाई तेव्हा आमच्याकडेच होत्या. पानगळीच्या सुमारास नागपूरहून आल्या होत्या, उन्हाळ्याच्या तोंडाशी परत जायच्या होत्या. सासरे आधीच गेलेले. सासूबाईंनी सगळी नोकरी नागपूरच्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये केली, ट्रंक ऑपरेटर म्हणून. कानाला हेडफोन, समोर बोर्ड, या गावाची तार त्या गावाला जोडायची. निवृत्त झाल्या तरी आवाज तसाच राहिला होता, स्वच्छ आणि जरा दरारा वाटावा असा. इंग्रजी त्यांना येत होतं, पण ते सगळं एक्स्चेंजमधलं. ‘नंबर प्लीज’, ‘होल्ड ऑन’, ‘नो रिप्लाय’, ‘लाइन एंगेज्ड’, ‘युअर थ्री मिनिट्स आर ओव्हर’. एवढ्या भांडवलावर त्या अमेरिकेत व्यवस्थित वावरत होत्या. दारावर काहीतरी विकायला आलेल्या माणसाला त्यांनी ‘लाइन एंगेज्ड’ म्हणून परत पाठवल्याचं मी स्वतः पाहिलंय. तो माणूस सॉरी म्हणून गेला.

पण तो हिवाळा त्यांचा खिडकीत बसून चालला होता. आई घसरून पडेल, कंबर मोडेल, या धास्तीनं नवऱ्यानं त्यांना बाहेर पडायला मनाई केली होती. रोज सकाळी ऑफिसला जाण्याआधी तो त्यांना वाऱ्यामुळे थंडी कशी वाढते ते समजावून सांगायचा. त्या ऐकून घ्यायच्या. तो गेला की म्हणायच्या, “हा मले शाळेत घालून राहिला वाटते.” आम्ही सहलीला गेल्यावर त्यांनी आमच्या ओळखीच्या एका मराठी काकूंकडे राहायचं ठरलं होतं. त्या काकूंना बोलायला फार आवडायचं. सासूबाईंनी त्यावर उसासा टाकला होता.

निघायच्या आदल्या दिवशी नवऱ्याच्या कंपनीत नवीन गाडीच्या ब्रेकमध्ये काहीतरी निघालं आणि साहेबांनी सगळ्यांच्या सुट्ट्या कॅन्सल केल्या. तो घरी आला तो चेहरा पाडूनच. मी म्हटलं, जाऊ दे, पुढच्या वर्षी बघू. तो म्हणाला की पैसे परत मिळत नाहीत. मी म्हटलं, मग मी एकटी जोडप्यांमध्ये काय करू? सासूबाई टेबलाशी बसून मटार सोलत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

“मी जाते नं हिच्यासंगं,” त्या म्हणाल्या.

नवरा हसला. मग त्या हसत नाहीत हे त्याच्या लक्षात आलं. त्यानं त्यांना सांगितलं की ही सहल नवरा-बायकोंची आहे. त्यावर त्यांनी शांतपणे विचारलं की बसमध्ये चढताना लग्नाचं सर्टिफिकेट बघतात का. तो म्हणाला नाही. मग प्रश्नच मिटला, म्हणून त्यांनी मटार माझ्याकडे दिले आणि बॅग भरायला उठल्या.

माझं काय मत आहे हे मला कुणी विचारलं नाही. खरं सांगायचं तर मला घाम फुटला होता. आम्हा दोघींचं वाईट काही नव्हतं. पण चांगलंही असं काही झालं नव्हतं अजून. त्या मला ‘बाई’ म्हणत, मी त्यांना ‘आई’ आणि ‘तुम्ही’. सकाळी त्या आल्याचा चहा करून माझ्या हातात द्यायच्या, मी तो प्यायचे, आणि मग दोघी आपापल्या कामाला लागायचो.

दुसऱ्या दिवशी नवऱ्यानं आम्हाला बसपाशी सोडलं. सासूबाईंनी साडीच नेसली होती. साडीच्या आत मुलाची थर्मल, वर मुलाचा पार्का, म्हणजे टोपीवाला जाड कोट, पायात फुगीर मून बूट आणि डोक्याला मफलर असा गुंडाळलेला, की आतून फक्त चष्मा बाहेर आला होता. बसमधली बाकीची मंडळी बहुतेक आमच्या आईवडिलांच्या वयाची होती, निवृत्त झालेली गोरी जोडपी, जाड स्वेटर घातलेली. सहलीची गाईड एक उंच, लाल गालांची बाई होती आणि ती प्रत्येकाला ‘हनी’ म्हणायची. तिच्या हातात लाल कागदाचे बदाम होते, पत्त्यांतल्या बदामासारखे, मधोमध कापलेले. प्रत्येक जोडप्यातल्या एकाला डावं अर्धुकं, दुसऱ्याला उजवं. आम्ही दोघी पुढे आलो तेव्हा तिनं यादी पाहिली, आमच्याकडे पाहिलं, परत यादी पाहिली. मी घाईघाईनं सगळं सांगून टाकलं, नवरा, ब्रेक, साहेब. तिनं मोठ्यांदा “ओ हनी” म्हणून मला मिठी मारली, मग सासूबाईंनाही मारली, आणि आमच्या पार्क्यांवर एकेक अर्धुकं टाचलं.

“हे काय लावून राहिली ही?” सासूबाईंनी मला विचारलं.

मी सांगितलं की ही जोडप्याची खूण आहे, दोन्ही मिळून एक बदाम होतो. त्यांनी आपलं अर्धुकं खाली मान घालून पाहिलं आणि म्हणाल्या की कापणारीनं कात्री नीट धरली नव्हती.

बस हमरस्त्याला लागली तशी गाईडबाईनं मायक्रोफोन काढला. प्रत्येक जोडप्यानं आपली भेट कशी झाली ते सांगायचं होतं. कुणी नाचाच्या कार्यक्रमात भेटलं होतं, कुणी शेजारी होते, एका आजोबांनी आजींच्या गाडीला मागून धडक दिली होती. मायक्रोफोन आमच्याकडे आला तसा मी हात पुढे केला, पण तो सासूबाईंनी आधीच घेतला होता. त्यांनी तो कसा धरला, ते पाहण्यासारखं होतं. एकदा बोटानं ठोकला, तोंडापासून बरोबर अंतरावर आणला आणि पाठ सरळ केली.

“हॅलो, हॅलो. नागपूर स्पीकिंग. लाइन क्लिअर?”

पुढून ड्रायव्हर म्हणाला की क्लिअर आहे.

“होल्ड ऑन प्लीज,” असं म्हणून त्यांनी मायक्रोफोन माझ्याकडे दिला आणि समाधानानं मागे टेकल्या. पुढचं मी सांगितलं. मला बघायला मुलगा यायच्या आधी या आल्या होत्या, पुण्याला, एकट्याच. माझ्या वडिलांशी जरा बोलल्या, माझ्याशी जरा बोलल्या आणि नागपूरला जाऊन मुलाला फोनवर सांगितलं की मला पसंत आहे, तू आता येऊन बघून घे. म्हणजे खरं पाहिलं तर मला निवडलं यांनीच. बसमध्ये टाळ्या पडल्या. एक आजी रुमाल काढून डोळे पुसू लागल्या. सासूबाईंनी मला विचारलं की तू यांना काय सांगितलंस, तर मी म्हटलं, खरं तेच.

मोठा पूल दुपारी बंद होता. वारा इतका होता की गाड्या सोडत नव्हते. पुलाअलीकडच्या एका हॉटेलात आम्हाला बसवलं आणि गाईडबाई आम्हाला त्या पुलाची कहाणी सांगू लागली, किती लांब, किती वर्षं लागली, किती तारा, किती खांब. ती बोलतच राहिली. सगळे विनयानं ऐकत होते, काही झोपले होते. सासूबाईंनी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं आणि अगदी सवयीच्या, तटस्थ आवाजात म्हणाल्या, “युअर थ्री मिनिट्स आर ओव्हर.” मी खुर्चीतच शरमेनं विरघळले. पण गाईडबाई इतकी हसली की तिला बसावं लागलं, आणि त्यानंतर सबंध सहलीत ती काही सांगायला लागली की कोपऱ्यातून कुणी ना कुणी आजोबा हेच वाक्य म्हणायचे.

संध्याकाळपूर्वी पूल उघडला. पुढे एक ट्रक, मागे आमची बस, बैलगाडीच्या चालीनं. खाली सगळा जलाशय गोठलेला, मोठमोठ्या भाकरींसारखे बर्फाचे तुकडे एकमेकांवर चढलेले, आणि वाऱ्यानं बस डुलत होती. मी पुढच्या सीटची दांडी घट्ट धरली होती. सासूबाई डोळे मिटून त्रिशरण म्हणत होत्या, रोज सकाळी म्हणतात तसंच, ना हळू ना मोठ्यानं. पूल संपल्यावर मी विचारलं की भीती वाटली का. म्हणाल्या, “नाही वं. सकाळी गडबडीत राहून गेलं होतं.”

मोटेलमध्ये पोचलो आणि खोलीचं दार उघडलं तर आत खोलीच्या मधोमध लाल रंगाचा, बदामाच्या आकाराचा टब. कोपऱ्यात नाही, बाथरूममध्ये नाही, पलंगाच्या शेजारीच. भोवती आरसे. पलंग एकच, तोही मोठा आणि त्यावर लाल चादर. मी दारातच उभी राहिले. सासूबाईंनी आत जाऊन टबाला प्रदक्षिणा घातली, नळ उघडून पाहिला, गरम पाणी येतंय याची खात्री केली.

“न्हाणी खोलीत काऊन घेतली यांनी?” एवढंच विचारलं. मी म्हटलं, थंडीमुळे असेल. ते त्यांना पटलं असं त्यांनी दाखवलं. मग त्या टबात दोघींचे पायमोजे आणि त्यांची साडी भिजत पडली आणि रात्री ती साडी आरशांवरून वाळत होती. तो टब बांधणाऱ्याच्या डोक्यात जे काही असेल त्याचं मला वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी गोठलेला धबधबा पाहिला. तिथलं पाणी मुळातच तपकिरी, झाडांच्या मुळांमधून येतं म्हणून. त्यामुळे बर्फही पांढरा नव्हता, कोऱ्या चहाच्या रंगाचा होता, इमारतीएवढा उंच, आणि त्याच्या आत कुठेतरी पाणी अजून वाहत होतं. सगळी मंडळी कॅमेरे काढून मागेपुढे सरकत होती. सासूबाई कठड्याला दोन्ही हात टेकवून उभ्या होत्या. बऱ्याच वेळानं म्हणाल्या की नागपूरच्या मे महिन्यात हे नुसतं आठवलं तरी पुरेल.

त्या संध्याकाळी जेवणानंतर मोटेलच्या हॉलमध्ये खेळ ठेवला होता. कोण आपल्या जोडीदाराला किती ओळखतं याचा. जोडीतल्या एकानं बाहेर जाऊन गाईडबाईच्या कानात स्वतःबद्दलची उत्तरं सांगायची, मग आत जोडीदाराला तेच प्रश्न विचारायचे, उत्तरं जुळली की गुण. मी गाईडबाईला म्हटलं, आम्ही नुसतं बघतो. ती ऐकेना. आईंना इंग्रजी येत नाही म्हटलं, तर म्हणाली, मग तूच सांग त्यांना मराठीत, माझा तुझ्यावर विश्वास आहे.

पहिला प्रश्न होता, तुमची जोडीदार तुमच्यापासून कुठली गोष्ट लपवते. मी बाहेर गाईडबाईच्या कानात खरं ते सांगून टाकलं होतं. कुणाला कळणार होतं? मला चहा आवडत नाही. लहानपणापासून आवडत नाही. सकाळी सासूबाईंच्या हातचा आल्याचा चहा मी नाक दाबल्यासारखा प्यायचे आणि मग कामाच्या वाटेवर कॉफी घेऊन गाडीत प्यायचे. हॉलमध्ये मी सासूबाईंना प्रश्न मराठीत सांगितला आणि मनात म्हटलं, आता या काहीतरी भलतंच सांगतील आणि सुटका होईल.

त्या म्हणाल्या, “चहा आवडत नाही तिले. गाडीत कॉफी पेते. गाडीत वास येते नं.”

गाईडबाई म्हणाली, सांग हनी, काय म्हणाल्या? सगळा हॉल माझ्याकडे बघत होता. आणि मग मला, माझ्याच तोंडानं, माझ्याबद्दलचं ते सगळं इंग्रजीत सांगावं लागलं. सगळा हॉल हसत सुटला. सासूबाईंना सगळे का हसतात ते कळलं नाही, पण उत्तर बरोबर आलं एवढं कळलं. त्या मायक्रोफोनसाठी हात पुढे करून बसल्या.

मी हळूच त्यांना विचारलं, तुम्हाला माहीत होतं तर रोज चहा का करत होतात?

“तू सांगशील म्हणून वाट पाहून राहिली होती मी,” त्या म्हणाल्या. “तू पिऊनच राहिली.”

पुढचा प्रश्न, चिडल्यावर जोडीदार काय करते. मी सांगितलं होतं, गप्प बसते. त्या म्हणाल्या की घासलेली भांडी परत घासते. उत्तर जुळलं नाही, पण समोरच्या तमाम बायकांनी गाईडबाईला सांगितलं की हेच उत्तर जास्त बरोबर आहे, आणि गुण द्यायला लावला. मग पाळी उलटी झाली. त्यांनी बाहेर जाऊन स्वतःबद्दल सांगायचं होतं. त्यांची भाषा तिथे कुणाला समजणार, म्हणून त्यांनी खुणांनी आणि एक्स्चेंजच्या इंग्रजीनं काय ते गाईडबाईला पटवलं, आणि मग हॉलमध्ये मला प्रश्न सुरू झाले. त्यांना कशाची भीती वाटते? मी म्हटलं, कशाचीच नाही. उत्तर होतं, सरकता जिना. मॉलमध्ये गेल्यावर ‘मी इथेच बसते, तुम्ही जाऊन या’ असं त्या म्हणायच्या ते पाय दुखतात म्हणून, असं आम्ही समजत होतो. त्यांना सगळ्यात काय आवडतं? मी म्हटलं, पुरणपोळी, कारण प्रत्येक सणाला आम्ही तीच करत होतो. त्यांनी बाहेर पोटावर हात ठेवून, तोंड वाकडं करून गोड नको असं दाखवलं होतं, आणि तिखट म्हणून जीभ बाहेर काढून दाखवली होती. गाईडबाईनं ती सगळी नक्कल हॉलमध्ये परत करून दाखवली. माझं एकही उत्तर जुळलं नाही.

आम्हाला उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं. तो एक लाल लोकरीचा हातमोजा होता, एकच, पण दोन तोंडांचा. एका बाजूनं एकानं हात घालायचा, दुसऱ्या बाजूनं दुसऱ्यानं, आणि आत हातात हात धरून चालायचं. सासूबाईंनी तो उलटसुलट करून पाहिला. विणकाम चांगलं आहे म्हणाल्या.

शेवटच्या दिवशी आम्हाला लेक सुपिरियरवर नेलं. किनाऱ्यावरच्या कड्यांवरून जागोजाग पाणी झिरपतं आणि गोठतं, त्याचे पडदे झाले होते, निळे, हिरवट, पिवळसर, साड्यांच्या दुकानात वरून सोडलेल्या साड्यांसारखे. पण त्यापेक्षा मला तळं आठवतं. एका उपसागरासारख्या भागात बर्फ इतका जाड होता की लोक त्यावर गाड्या नेत होते. गाईडबाईनं आम्हाला पार आत नेलं. पायाखाली काचेसारखा काळा बर्फ, त्यात पांढऱ्या भेगा. सासूबाईंनी आपणहून माझ्यासमोर तो लाल हातमोजा धरला. मी हात घातला. त्यांचा हात आत गरम होता आणि त्यांनी माझी बोटं मुलांची धरतात तशी मुठीत धरली. मी त्यांना सांभाळत होते की त्या मला, हे सांगणं अवघड होतं, कारण घसरले फक्त मी.

मध्यावर गेल्यावर गाईडबाईनं सगळ्यांना गप्प राहायला सांगितलं. तीन मिनिटं, असं सासूबाईंकडे बघून म्हणाली. सगळे थांबले. आणि मग बर्फाचा आवाज आला. तडकण्याचा नाही. लांबून सुरू होऊन पायाखालून निघून जाणारा, एखादी लांबलचक तार छेडल्यासारखा, बारीक होत होत विरणारा. मग परत दुसऱ्या बाजूनं.

सासूबाईंनी मफलर कानावरून काढला. त्या थंडीत.

“ट्रंक लाइन,” त्या म्हणाल्या. “लांबची लाइन लागायच्या आधी असाच आवाज येते. मग माणूस येते.”

बाकीची मंडळी परत निघाली तरी त्या उभ्याच राहिल्या, आणि हात हातमोज्यात अडकलेला म्हणून मीही. तिथे त्यांनी मला ती गोष्ट सांगितली. मुलगा अमेरिकेला निघाला तेव्हा आई-वडील मुंबईपर्यंत गेले नव्हते; सासूबाईंना रजा मिळाली नव्हती. विमानतळावर जायच्या आधी त्यानं मुंबईहून नागपूरला ट्रंक कॉल लावला. बोर्डावर त्याच होत्या. मुंबई एक्स्चेंजच्या ऑपरेटर मुलीनं नंबर सांगितला तर तो त्यांच्या स्वतःच्या घरचा. त्यांनी जोडला. पलीकडे मुलगा, अलीकडे सासरे. मुलानं विचारलं, आई कुठाय? सासरे म्हणाले, ड्यूटीवर. मुलगा म्हणाला, तिला सांगा मी नीट जेवलो. आणि स्वेटर वरच ठेवलाय. ड्यूटीवर असताना लाइनवर बोलायचं नाही असा नियम होता. त्या ऐकत राहिल्या. मुंबईची मुलगी लाइनवरून निघून गेली होती, त्यामुळे वेळ संपल्याचं यांनीच सांगायचं होतं. त्यांनी सांगितलं, तीन मिनिटं झाली, वाढवायचा का कॉल?

“तर म्हणते कसा,” सासूबाई म्हणाल्या, “नो, थँक यू, ऑपरेटर.”

आणि त्या हसू लागल्या. मला हसावं की काय करावं कळेना. मी विचारलं की त्याला हे कधी सांगितलं का. म्हणाल्या की नाही, त्याला कशाला उगाच. आणि मग, “आवाज ओळखला नाही वं त्यानं माझा,” असं म्हणून मफलर परत गुंडाळला आणि मला ओढत किनाऱ्याकडे निघाल्या.

घरी आल्यावर नवऱ्यानं आमच्यासाठी खिचडी करून ठेवली होती, खालून लागलेली. सहल कशी झाली असं त्यानं विचारलं आणि आम्ही दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. त्याला ते आवडलं नाही. इतके दिवस तो घरात दोघींच्या मधला माणूस होता, आणि त्या कामावरून त्याला कुणीतरी काढलं होतं. त्यात दुसऱ्या दिवशी सकाळी सासूबाईंनी मला आपणहून कॉफी करून दिली. कॉफी फार कडू होती. ते सांगायला मात्र मी वेळ लावला नाही.

रविवारी सासूबाई म्हणाल्या की जवळच्या गोठलेल्या तळ्यावर जायचंय. नवऱ्यानं बर्फाच्या जाडीबद्दल बोलायला सुरुवात केली. इतकी वर्षं मिशिगनमध्ये राहून तो एकदाही गोठलेल्या तळ्यावर उतरला नव्हता. आम्ही लेक सेंट क्लेअरला गेलो. लोक बर्फाला भोकं पाडून मासे धरत स्टुलांवर बसले होते, एकानं तर शेकोटी पेटवली होती. सासूबाई सरळ चालत आत गेल्या. मी त्यांच्यामागे. नवरा काठावर उभा राहून आम्हाला परत बोलवत होता. शेवटी एक पाय ठेवला, मग दुसरा, आणि हात पसरून, तारेवर चालतात तसा, आमच्यापर्यंत आला. एका मासेवाल्यानं त्याला आदरानं वाट दिली.

तो पोचल्यावर मी सहज म्हटल्यासारखं म्हटलं, आई, ती मुंबईच्या कॉलची गोष्ट सांगा ना. त्यांनी माझ्याकडे डोळे वटारून पाहिलं. पण मग सांगितली, थोडक्यात, मुलाकडे न बघता.

नवरा ऐकत राहिला. त्याचा चेहरा हळूहळू बदलत गेला आणि शेवटी तो चक्क भांडायला लागला.

“ती तू नव्हतीस,” तो म्हणाला. “मला आठवतंय. त्या ऑपरेटरचा आवाज बसलेला होता.”

“सर्दी झाली होती मले.”

“मग ‘मी आहे’ एवढं तरी म्हणायचं होतंस.”

“ड्यूटी होती,” त्या म्हणाल्या. “आणि तू थँक यू म्हटलं नं. लोकं म्हणत नव्हते कोणी.”

परत येताना तो बर्फावरून आमच्यापुढे भरभर चालत गेला, हात न पसरता, जाडीबिडीचा विचार न करता, आणि आम्हा दोघींना मागे टाकून गाडीपाशी पोचला. आम्ही आत बसलो. त्यानं इंजिन सुरू केलं, हीटर लावला, आईच्या पायांकडे गरम हवा येतेय का ते वाकून पाहिलं. मग स्टिअरिंगवर हात ठेवून समोर बघत बसला. काच वाफेनं पांढरी झाली होती ती कधीच स्वच्छ झाली, तरी गाडी हलेना.

मागच्या सीटवरून मी काही बोलणार होते, पण सासूबाईंनी न वळता हात मागे करून मला थांबवलं. बराच वेळ त्यांनी त्याला तसं बसू दिलं. मग म्हणाल्या की घरी जाऊन तिखट झुणका करू, आणि पुरणपोळीचं नाव यापुढे या घरात कुणी काढायचं नाही.